सावेदादा : पहिल्या अनुबोधपटाचे छायालेखक

लोंढा हे बेळगाव जिल्ह्याच्या खानापूर तालुक्यातील एक लहानसे गाव. गाव लहान असले तरी रेल्वेच्या नकाशावर त्याचे नाव ठळक आहे. मिरज-बेळगावकडून येणारा, धारवाड-हुबळीकडून येणारा आणि गोव्याहून घाट चढून येणारा असे तीन मार्ग येथे एकमेकांना भेटतात. गाडीची चाहूल लागली की फलाटावरची माणसे उठून उभी राहतात. कोणी ट्रंक उचलतो, कोणी मुलाचा हात घट्ट धरतो, कोणी मान उंचावून डब्यांच्या खिडक्यांत आपले माणूस शोधू लागतो. क्षणभर सारी लगबग होते आणि गाडी निघून गेली की फलाट पुन्हा रिकामा होतो. हे दृश्य इतके नेहमीचे आहे की ते पाहण्यासाठी कोणी पैसे मोजील, असे सांगितल्यास लोक हसतील.

पण हेच दृश्य पाहण्यासाठी मुंबईकरांनी एके काळी रुपया-रुपया मोजला होता! ७ जुलै १८९६ रोजी मुंबईच्या वॉटसन हॉटेलमध्ये फ्रान्सच्या ल्युमिएर बंधूंच्या हलत्या चित्रांचा प्रयोग झाला. पॅरिसमध्ये या चित्रांचा पहिला सशुल्क प्रयोग २८ डिसेंबर १८९५ रोजी झाला होता. त्यानंतर अवघ्या सहा महिन्यांत हे नवल हिंदुस्थानच्या किनाऱ्याला लागले. त्या दिवशी सहा लहान चित्रे दाखविण्यात आली. कारखान्यातून बाहेर पडणारे कामगार, समुद्रात डुंबणारी माणसे, पाडली जाणारी भिंत आणि फलाटाला लागणारी आगगाडी, असे त्यांचे विषय. राजाराणीची गोष्ट नाही, देवादिकांची कथा नाही, रोजच्या जीवनातील एखादे मिनिट तेवढे होते. ते मिनिट निघून गेल्यावरही पुन्हा पाहता येते, हाच त्यातील चमत्कार. पुढे हे प्रयोग नॉव्हेल्टी नाटकगृहात गेले. तेथे चार आण्यांपासून दोन रुपयांपर्यंत दर ठेवण्यात आले आणि पडदानशीन स्त्रियांसाठी वेगळ्या जागा राखण्यात आल्या.

या खेळांनी मुंबईतील ज्या एका माणसाला झपाटून टाकले, त्याचे नाव हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर. लोक त्यांना सावेदादा म्हणत. त्यांचा जन्म मुंबईत १५ मार्च १८६८ रोजी झाला. व्यवसायाने ते छायाचित्रकार होते. त्या काळी छायाचित्र काढून घेणे हा एक सोहळाच असे. ठेवणीतले कपडे घालून, खुर्चीच्या पाठीवर हात ठेवून, श्वास रोखून माणसे कॅमेऱ्यापुढे बसत. जरा हालचाल झाली की चित्र बिघडे. ‘हलू नका’ हाच त्या धंद्याचा पहिला नियम. ज्याची सारी उमेद माणसांना निश्चल बसविण्यात गेली, त्याने एके दिवशी पडद्यावर माणसे चालताना पाहिली, तेव्हा त्याच्या मनात काय खळबळ उडाली असेल, याची कल्पना कोणालाही करता येईल.

मात्र तो काळ मुंबईला सुखाचा नव्हता. ल्युमिएरचे खेळ संपून महिना-दीड महिना लोटतो न लोटतो तोच, सप्टेंबर १८९६ मध्ये, मांडवी भागात प्लेगचा शिरकाव झाला. मूळचे गोव्याचे डॉक्टर अकासिओ व्हिएगस यांनी तो रोग ओळखला. पाहता पाहता शहर ओस पडू लागले. लोक गाठोडी बांधून कोकणात, घाटावर, गुजरातेत निघून गेले. पाठोपाठ दुष्काळ आला. अशा दिवसांत एक छायाचित्रकार विलायतेहून हलत्या चित्रांचा कॅमेरा मागवितो, यास व्यवहारी माणूस वेडच म्हणेल. सावेदादांनी ते वेड केले. कॅमेऱ्याची किंमत होती एकवीस गिनी. एका पौंडाला पंधरा रुपये हा त्या सुमारास ठरलेला भाव धरला, तर ही रक्कम सुमारे तीनशे तीस रुपये होते. अनेक कुटुंबांना वर्षभरातही इतके पैसे एकत्र पाहावयास मिळत नसत.

कॅमेरा आला, पण तो चालवावा कसा, हे सांगणारा गुरू येथे कोणी नव्हता. यंत्राचा दांडा हाताने फिरवावयाचा, आणि तोही एकसारख्या गतीने. हात मंद झाला तर पडद्यावरची माणसे धावत सुटत आणि हात जलद झाला तर ती रेंगाळत. प्रकाश किती आहे, हे डोळ्यांनीच अजमावावे लागे. ल्युमिएरच्या रिळाची लांबी सुमारे सतरा मीटर असे आणि ते पन्नास सेकंदांत संपून जाई. थोडक्यात, जे काही सांगावयाचे ते एका मिनिटाच्या आत-बाहेर सांगून टाकावयाचे, आणि तेही एकाच जागी उभे राहून.

१८९९ साली सावेदादांनी आपले पहिले चित्र घेतले. विषय होता कुस्ती. मलबार टेकडीवरील हँगिंग गार्डनमध्ये पुंडलिकदादा आणि कृष्णा न्हावी या दोन मल्लांची लढत त्यांनी मुद्दाम ठरविली आणि ती चित्रित केली. ही निवड सहज झालेली दिसत नाही. कुस्तीत हालचाल भरपूर असते, पण मल्ल हौद्याच्या बाहेर जात नाहीत, म्हणून ते कॅमेऱ्याच्या चौकटीतच राहतात. लढत उघड्यावर होते, म्हणून उजेड पुरेसा मिळतो. आणि कुस्ती कोणाला समजावून सांगावी लागत नाही. कोल्हापूर-सांगलीपासून बेळगावपर्यंतच्या गावोगावच्या जत्रांतून ती मराठी माणसाच्या रक्तात भिनलेली. कॅमेरा परदेशी, फीत परदेशी; पण तीत पहिले चित्र उमटले ते लाल मातीतल्या खेळाचे.

चित्र घेतले, पण ते कसे उतरले हे कळावयास मार्ग नव्हता. फीत धुण्याची सोय येथे नव्हती. ती बोटीने लंडनला पाठवावी लागली. जाण्यायेण्यातच आठवड्यांमागून आठवडे गेले. आज चित्र घेतल्याबरोबर हातातल्या यंत्रावर ते पाहणाऱ्या पिढीला त्या प्रतीक्षेची कल्पना येणे कठीण. दरम्यान सावेदादांनी इंग्लंडच्या रायली कंपनीचा प्रक्षेपक घेतला आणि परदेशी चित्रांचे खेळ ते मोकळ्या मैदानात करू लागले. त्यांची स्वतःची फीत परत आली, तेव्हा परदेशी चित्रांच्या जोडीने तीही पडद्यावर दिसू लागली. दुसरे चित्र त्यांनी घेतले ते माकडांना शिकविणाऱ्या माणसाचे. दोन्ही विषय करमणुकीचेच. येथवर सावेदादा हे एक हौशी, धडपडे कारागीर होते, एवढेच म्हणता येईल.

त्यांच्या कामाला वेगळे वळण लागले ते १९०१ साली. रत्नागिरी जिल्ह्यातील मुर्डी या खेड्यात जन्मलेले रघुनाथ पुरुषोत्तम परांजपे हे पुण्याच्या फर्ग्युसन महाविद्यालयात शिकून केंब्रिजला गेले होते. १८९९ साली गणिताच्या परीक्षेत पहिले येऊन ते सीनिअर रँग्लर झाले. हा मान मिळविणारे ते पहिले हिंदी गृहस्थ. आज परदेशी जाऊन यश मिळविणाऱ्या विद्यार्थ्यांची वाण नाही. परंतु त्या काळी, हिंदी माणसाची बुद्धी दुय्यम दर्जाची, असे राज्यकर्ते उघड बोलत असताना, त्यांच्याच विद्यापीठात, त्यांच्याच परीक्षेत, कोकणातला एक मुलगा पहिला यावा, ही गोष्ट सबंध देशाची मान उंचावणारी होती. डिसेंबर १९०१ मध्ये परांजपे मुंबईस परतले, तेव्हा त्यांच्या स्वागताला लोकांची गर्दी लोटली. त्या गर्दीत सावेदादा कॅमेरा घेऊन उभे होते.

कुस्तीचे चित्र आणि हे चित्र यांतील फरक ध्यानात घेण्याजोगा आहे. कुस्ती कॅमेऱ्यासाठी ठरविली होती. मनासारखी झाली नसती तर ती पुन्हा लावता आली असती. परांजप्यांचे आगमन कोणी कॅमेऱ्यासाठी घडविले नव्हते, आणि ते दुसऱ्यांदा घडणारही नव्हते. दांडा योग्य क्षणी फिरला तर फिरला, नाहीतर तो प्रसंग कायमचा हातचा गेला. जे घडत आहे त्याच्यापुढे नम्रपणे उभे राहावे, त्यात आपली ढवळाढवळ करू नये, आणि तरीही नेमका क्षण निसटू देऊ नये, हेच अनुबोधपटाच्या छायालेखकाचे खरे कसब. ‘अनुबोधपट’ हा शब्द रूढ होण्याच्या कितीतरी आधी सावेदादांनी ते कसब आपल्या देशात प्रथम आचरून दाखविले. ब्रिटिश पार्लमेंटचे पारशी सभासद सर मंचेरजी भावनगरी यांच्या आगमनाचे चित्रही त्यांनी त्याच वर्षी घेतले. आपल्या माणसांच्या आयुष्यातील महत्त्वाचे प्रसंग नोंदवून ठेवण्याजोगे आहेत, हा विचार त्यामागे स्पष्ट दिसतो.

१९०३ च्या जानेवारीत दिल्लीला लॉर्ड कर्झनचा दरबार भरला. सातवे एडवर्ड बादशहा झाले, त्याची ती द्वाही. हत्ती, घोडे, राजेरजवाडे, जडजवाहीर यांचा तो थाट टिपण्यासाठी परदेशी कंपन्यांचे छायालेखक दिल्लीत दाखल झाले होते. सावेदादांनीही तो दरबार चित्रित केला. एका बाजूला साम्राज्याचे अफाट वैभव आणि दुसऱ्या बाजूला बोटीतून उतरणारा पंचविशीतला एक गणिती. दोन्ही प्रसंग एकाच छायालेखकाने टिपले. या दोहोंपैकी कोणत्या प्रसंगात उद्याचा हिंदुस्थान दडला होता, हे आता सांगावयास नको.

यानंतर मात्र सावेदादांची कामगिरी थोडक्यात आटोपली. ते चित्रनिर्मितीतून निवृत्त झाले आणि बोरीबंदरासमोरील गेटी नाटकगृहाची व्यवस्था पाहू लागले. हेच नाटकगृह पुढे कॅपिटॉल चित्रपटगृह म्हणून प्रसिद्धीस आले. चित्रे घेणारा माणूस चित्रे दाखविणारा झाला. या धंद्यात त्यांना पैसाही चांगला मिळाला. छायालेखक म्हणून त्यांची कारकीर्द जेमतेम चार-पाच वर्षांची. पण वाट पाडणाऱ्याचे मोजमाप तो किती कोस चालला यावरून करीत नाहीत.

या कारकिर्दीत एक गोष्ट नव्हती, तिचाही विचार केला पाहिजे. ती गोष्ट म्हणजे संकलन. सावेदादांचे चित्र म्हणजे एका जागेवरून पाहिलेला एक प्रसंग. फितीचा एक तुकडा कापून दुसऱ्याला जोडला की त्यातून तिसराच अर्थ निघतो, ही गोष्ट जगाला अजून उमगावयाची होती. अमेरिकेत पोर्टर याने १९०३ साली आगगाडीवरील दरोड्याची कथा तुकडे जोडून सांगितली, तेव्हा या कलेला पाय फुटू लागले. आपल्याकडे ही विद्या आणली ती दादासाहेब फाळके यांनी. त्यांना चित्रपटाचा ध्यास लागला तो मुंबईत ख्रिस्तचरित्राचा एक परदेशी चित्रपट पाहून. १९१२ साली त्यांनी एका कुंडीत वाटाणा पेरला आणि दिवसामागून दिवस कॅमेरा त्याच्यावर रोखून, कोंब फुटून वेल वाढेपर्यंतची चित्रे घेतली. महिन्याभराची वाढ पडद्यावर काही क्षणांत दिसली. सावेदादांनी काळ जसाच्या तसा पकडला होता. फाळक्यांनी तो हवा तसा आखडून दाखविला. ‘राजा हरिश्चंद्र’ ३ मे १९१३ रोजी मुंबईच्या कॉरोनेशन चित्रगृहात झळकला. त्याच्या मागेही घरातच फितीला भोके पाडण्यापासून ती धुण्यापर्यंतचे कष्ट होते, आणि त्यात सरस्वतीबाई फाळके यांचा वाटा मोठा होता. फाळक्यांनी ‘चित्रपट कसे तयार करतात’ हे लघुचित्रही काढले. त्याचे जे अंश आज उपलब्ध आहेत, त्यांत स्वतः दादासाहेब काम करताना दिसतात.

संकलकाचे सामर्थ्य किती, याचा मोठा दाखला १९६८ साली मिळाला. विठ्ठलभाई झवेरी यांनी महात्मा गांधींच्या जीवनावर तेहतीस रिळांचा, पाच तासांहून अधिक चालणारा अनुबोधपट सिद्ध केला. गांधीजींना जाऊन तेव्हा वीस वर्षे झाली होती. त्यांना पुन्हा कॅमेऱ्यापुढे आणणे शक्य नव्हते. नाना लोकांनी, नाना देशांत, नाना प्रसंगी घेतलेल्या जुन्या फिती गोळा करून, त्यांतून निवड करून, क्रम लावून तो महापुरुष पुन्हा चालताबोलता उभा केला गेला. ते साधले, कारण त्या फिती शिल्लक होत्या. संकलक कितीही कुशल असला तरी जी फीत उरली नाही, तिच्यापुढे त्याची कात्री काय करणार?

येथेच सावेदादांच्या कथेतील दुःखाचा भाग येतो. त्यांनी घेतलेले एकही चित्र आज उपलब्ध नाही. ती कुस्ती गेली, ते स्वागत गेले, तो दरबारही गेला. त्या काळच्या फिती नायट्रेटच्या असत. हा पदार्थ भयंकर ज्वालाग्राही. आग लागली नाही तरी दमट हवेत तो आपसूक कुजतो, चिकट होतो आणि शेवटी त्याची भुकटी होते. त्यातच खेळ संपले की जुनी फीत म्हणजे अडगळ, अशी सर्वांची समजूत. कलकत्त्याचे हिरालाल सेन हे सावेदादांचे समकालीन आणि तितकेच कर्तबगार. त्यांच्या चित्रांचा साठा १९१७ साली आगीत भस्म झाला. आपल्या देशात सुमारे तेराशे मूकचित्रपट निघाले. त्यांपैकी थोडेच, तेही बहुतेक तुकड्यातुकड्यांनी, शिल्लक आहेत.

सावेदादांना आयुष्य मोठे लाभले. १९३१ साली चित्रपट बोलू लागला, तोही काळ त्यांनी पाहिला. १९४७ साली स्वातंत्र्य आले. युद्धकाळातील सरकारी चित्रखाते त्याआधीच, १९४६ साली, बंद झाले होते. त्यामुळे १५ ऑगस्टचा तो सोहळा टिपण्यास सरकारचे स्वतःचे पथक नव्हते. खाजगी छायालेखक धावले, म्हणून त्याची चित्रे राहिली. १९४८ साली फिल्म्स डिव्हिजनची स्थापना होऊन वार्तापट आणि अनुबोधपट गावोगावच्या चित्रगृहांत नियमाने दिसू लागले. अर्धशतकापूर्वी एकवीस गिनीच्या कॅमेऱ्याने एका माणसाने जे केले, ते आता सरकारी खात्याचे काम झाले होते. २० फेब्रुवारी १९५८ रोजी, नव्वदाव्या वर्षी, सावेदादांनी जगाचा निरोप घेतला. राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय पुण्यात स्थापन झाले १९६४ साली, त्यांच्या मृत्यूनंतर सहा वर्षांनी. सांभाळणारे घर उभे राहिले, तेव्हा सांभाळावयाची ठेव गेलेली होती.

पी. के. नायर यांच्यासारख्या तळमळीच्या माणसाने त्या संग्रहालयासाठी आपले आयुष्य वेचले. फाळक्यांच्या चित्रांचे जे अंश आपण पाहू शकतो, ते अशा माणसांच्या पाठपुराव्यामुळे. तरीही ८ जानेवारी २००३ रोजी पुण्यात लागलेल्या आगीत नायट्रेट फितींचा मोठा साठा जळून गेलाच. २०२२ साली फिल्म्स डिव्हिजन आणि हे संग्रहालय या दोन्ही संस्था राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळात विलीन करण्यात आल्या. संस्थेचे नाव कोणतेही असो, काम एकच आहे : जे टिपले गेले ते टिकविणे. छायालेखक क्षण पकडतो, संकलक त्याला अर्थ देतो. परंतु तो पुढच्या पिढीच्या हाती पोचतो तो सांभाळणाऱ्यामुळेच. या तिघांपैकी शेवटचा माणूस नसला तर पहिल्या दोघांचे श्रम व्यर्थ जातात. सावेदादांच्या कारकिर्दीचा हाच बोध आहे.

हा बोध मोठ्या संस्थांपुरता नाही. लोंढ्याच्या फलाटावरून वाफेची इंजिने केव्हाच गेली. मीटर गेजचे रूळही १९९० च्या दशकात जाऊन रुंद रूळ आले. ज्या गाडीने कोणी पहिल्यांदा मुंबईस नोकरीला गेला, ज्या गाडीतून कोणाची सून घरी आली, ती गाडी आता आठवणीतच धावते. एखाद्या घराच्या माळ्यावर, पत्र्याच्या पेटीत, त्या दिवसांचे छायाचित्र किंवा हौसेने घेतलेली आठ मिलिमीटरची फीत आजही पडून असेल. आपल्या मुलुखात पाऊस दांडगा. चार महिन्यांची ओल अशा वस्तूंचा घास घेते. ती पेटी उघडून पाहावी. फीत कोरड्या, थंड जागी ठेवावी. चित्रातली माणसे कोण, गाव कोणते, साल कोणते, हे सांगणारे वडीलधारे हयात आहेत तोवर त्यांना विचारून मागे पेन्सिलीने लिहून ठेवावे. आणि जाणत्याकडून तिची प्रत करून घ्यावी.

परांजपे मुंबईच्या धक्क्यावर उतरले, तेव्हा ते हसले की गर्दी पाहून संकोचले? गळ्यात हार घालावयास पुढे सरसावलेल्यांचे चेहरे कसे दिसत होते? सावेदादांनी हे सारे पाहिले, आणि आपल्यासाठी ते टिपूनही ठेवले होते. ते आपल्यापर्यंत पोचू शकले नाही. ज्या पेट्या अजून उघडावयाच्या आहेत, त्यांच्या बाबतीत पुढच्या पिढीला असेच विचारीत बसण्याची वेळ येऊ नये.